रजनी कोठारी: मते मोजणाऱ्या शास्त्राचा प्रवास आणि आपला प्रश्न

निवडणुकीचा निकाल लागला की त्या संध्याकाळी प्रत्येक वाहिनीवर एक तक्ता हमखास दिसतो. मराठा मते इतकी, ओबीसी मते इतकी, मुस्लिम मते इतकी आणि 'दलित मते' इतकी. मग चर्चा सुरू होते: दलित मते कुणी फोडली, कुणी विकली, कुणामुळे कोण पडला. आपली तरुण मुले रात्रभर हे तक्ते एकमेकांना पाठवतात, त्यावरून भांडतात. पण माणसाचे मत जातीच्या रकान्यात घालून मोजायची ही पद्धत आली कुठून, ती कुणी घडवली आणि ती काय सांगते, काय सांगत नाही, हे मात्र कुणी विचारत नाही.

हे विचारायचे असेल तर एका अभ्यासकाच्या आयुष्याकडे पाहावे लागते. त्यांचे नाव रजनी कोठारी. स्वतंत्र भारतात निवडणुकांचा शास्त्रीय अभ्यास ज्यांनी उभा केला त्यांत हे नाव पहिल्या ओळीत येते. जन्म १९२८, मृत्यू जानेवारी २०१५. समाजशास्त्र किंवा राज्यशास्त्र घेऊन एम.ए. करणाऱ्या प्रत्येक विद्यार्थ्याला ते वाचावे लागतात. परीक्षेपुरते वाचून आपण त्यांना सोडून देतो. आमचे म्हणणे असे की आंबेडकरी कार्यकर्त्याने कोठारींना नीट वाचले पाहिजे. त्यांच्यापुढे माथा टेकवायचा नाही आणि 'सवर्ण अभ्यासक' म्हणून बाजूलाही टाकायचे नाही. त्यांनी काय पाहिले आणि काय पाहायला त्यांना तीस वर्षे लागली, हे समजून घ्यायचे. कारण जे पाहायला त्यांना तीस वर्षे लागली, ते बाबासाहेबांनी त्यांच्या आधीच लिहून ठेवले होते.

कोठारींच्या आधीचा निवडणूक-अभ्यासक

भारतातील निवडणूक-अभ्यासाचा इतिहास सांगताना विद्यापीठांत १९६० च्या दशकापासून सुरुवात करतात. आम्हाला हे मान्य नाही. २७ जानेवारी १९१९ रोजी साउथबरो समितीसमोर साक्ष देणारा सिडनहॅम कॉलेजचा सत्तावीस वर्षांचा प्राध्यापक काय करत होता? मतदार कोण ठरतो, मालमत्तेची अट लावली की अस्पृश्यांतले किती लोक मतदार यादीत येतात आणि त्या संख्येवर त्यांचा माणूस निवडून येईल का, याचा हिशेब तो मांडत होता. हा निवडणुकीचा अभ्यासच होता. पुढे १९२८ साली सायमन आयोगापुढे त्यांनी प्रौढ मताधिकार मागितला, तोही याच हिशेबातून.

१९३२ च्या पुणे करारात राखीव जागांसाठी दोन टप्प्यांची पद्धत आली. आधी अस्पृश्य मतदारांनी प्राथमिक निवडणुकीत चार उमेदवारांचे पॅनेल निवडायचे, मग त्या चौघांतून एकाला सर्व मतदारांनी मिळून निवडायचे. या पद्धतीचे प्रत्यक्षात काय झाले, ते बाबासाहेबांनी आकड्यांनिशी दाखवले. काँग्रेस आणि गांधींनी अस्पृश्यांचे काय केले याचा लेखाजोखा मांडणाऱ्या त्यांच्या १९४५ च्या ग्रंथात १९३७ च्या निवडणुकीचे प्रांतवार तक्ते आहेत. प्राथमिक फेरीत आपल्या लोकांनी ज्याला वर काढले, तोच अंतिम फेरीत पडतो, कारण अंतिम फेरीत मते दुसऱ्यांची असतात, हे त्यांनी आकड्यांतून सिद्ध केले. जागा आपल्या नावाची असली तरी माणूस त्यांच्या पसंतीचा निवडून येतो.

१९५२ साली हे स्वतः बाबासाहेबांच्या वाट्याला आले. उत्तर मुंबई हा तेव्हा दोन सदस्यांचा मतदारसंघ होता. प्रत्येक मतदाराला दोन मते, एक जागा सर्वसाधारण, एक राखीव. घटना समितीच्या मसुदा समितीचा अध्यक्ष तिथे काँग्रेसच्या नारायण काजरोळकरांकडून सुमारे चौदा हजार मतांनी हरला. त्या निवडणुकीत हजारो मते 'कुजवली' गेली, हा शब्द आपल्या आजोबांच्या पिढीने आपल्याला दिला. दुसरे मत कुणालाच उपयोगी पडणार नाही अशा रीतीने टाकायचे, म्हणजे राखीव जागेवरचा माणूस पडतो. बाबासाहेब आणि अशोक मेहता यांनी या निवडणुकीला आव्हान दिले, पण ते फेटाळले गेले. १९५४ मध्ये भंडाऱ्याच्या पोटनिवडणुकीतही ते हरले.

मग १९५५ मध्ये भाषिक राज्यांवरच्या आपल्या छोट्या पुस्तकात त्यांनी गावाचे गणित मांडले. गावात एक मोठी जात असते, जमीन तिच्याकडे असते. बाकीच्या जाती लहान, विखुरलेल्या आणि पोटासाठी त्या मोठ्या जातीवर अवलंबून असतात. मतदार आपल्या जातीच्या माणसाला मत देतो. मोठी जात नुसत्या संख्येवर निवडून येते. लहान जातींची मते मात्र त्यांची स्वतःची राहत नाहीत, ती मोठ्या जातीच्या धाकाखाली जातात. म्हणून एकसदस्य मतदारसंघाऐवजी दोन-तीन सदस्यांचे मतदारसंघ करा आणि मतदाराला आपली सगळी मते एकाच उमेदवाराला देता येतील अशी सोय करा, असा उपायही त्यांनी सुचवला. त्याच वर्षी शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनने विधिमंडळांतल्या राखीव जागाच रद्द करा, असा ठराव केला.

म्हणजे बाबासाहेबांच्या अभ्यासाचा गाभा एकच प्रश्न होता: मत कुणाला गेले, यापेक्षा ते टाकणारा माणूस मोकळा होता का?

लंडनहून बडोद्याला, बडोद्याहून दिल्लीला

आता कोठारींकडे येऊ. ते गुजराती व्यापारी घरातले. शिक्षण लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये. बाबासाहेब ज्या संस्थेतून १९२३ साली डी.एस्सी. घेऊन परतले तीच ही संस्था. परतल्यावर कोठारी बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात शिकवू लागले. या बडोद्याशी बाबासाहेबांचे नाते आपल्याला वेगळे सांगायला नको. शिष्यवृत्ती तिथलीच आणि राहायला घर नाकारले तेही तिथेच.

१९६१ साली 'इकॉनॉमिक वीकली'त कोठारींची एक लेखमाला आली. भारतीय राजकारणाचे बाहेरचे रूप आणि आतला आशय यांतला फरक तीत मांडला होता. संसद, राज्यघटना, पक्ष हे पुस्तकी पद्धतीने न पाहता, प्रत्यक्षात सत्ता कशी चालते ते पाहा, असे त्यांचे सांगणे होते. तेव्हा हे नवीन होते. राज्यशास्त्र म्हणजे कलमे आणि व्याख्या पाठ करणे, असाच त्या काळचा रिवाज होता. १९६३ मध्ये त्यांनी दिल्लीत विकसनशील समाज अध्ययन केंद्र, म्हणजे आपण आज ज्याला सीएसडीएस म्हणतो ती संस्था सुरू केली. टीव्हीवरच्या तक्त्याखाली 'लोकनीती-सीएसडीएस' असे बारीक अक्षरात लिहिलेले असते, ती हीच.

१९६७ च्या निवडणुकीनंतर या केंद्राने देशपातळीवर मतदारांची पाहणी केली. धीरूभाई शेठ, बशीरुद्दीन अहमद, रामाश्रय रॉय असे सहकारी सोबत होते. मतदाराच्या घरी जाऊन त्याला विचारायचे: तू मत का दिलेस, कुणाच्या सांगण्यावरून दिलेस, सरकारकडून तुला काय हवे? निरक्षर, गरीब मतदाराला काही कळत नाही, असे म्हणणाऱ्या शहाण्यांच्या देशात त्या मतदाराचे उत्तर लिहून घेणे ही मोठीच गोष्ट होती. याचे श्रेय कोठारींना दिलेच पाहिजे.

'काँग्रेस व्यवस्था' आणि तिच्यातली आपली जागा

कोठारींचे सगळ्यात गाजलेले लेखन १९६४ चे. भारतात अनेक पक्ष असूनही एकच पक्ष वर्षानुवर्षे निवडून येतो, तरीही ही हुकूमशाही नाही, हे कसे? त्यांचे उत्तर असे: काँग्रेस हा सहमतीचा पक्ष आहे आणि बाकीचे पक्ष दबावाचे. विरोधी पक्ष सत्तेवर येत नाहीत, पण ते काँग्रेसमधल्या गटांवर दबाव आणतात आणि काँग्रेस त्यांचे मुद्दे व माणसे आपल्यात सामावून घेते. या साऱ्या रचनेला त्यांनी 'काँग्रेस व्यवस्था' असे नाव दिले.

वर्णन म्हणून हे अगदी खरे आहे. महाराष्ट्रात याला 'बेरजेचे राजकारण' म्हणतात, आणि यशवंतराव चव्हाणांचे नाव त्याला कायमचे चिकटले आहे. प्रश्न असा की ही बेरीज कुणाच्या वहीत मांडली जात होती?

१९५७ मध्ये दादासाहेब गायकवाड संयुक्त महाराष्ट्र समितीच्या लाटेत नाशिकहून लोकसभेवर गेले, तेही सर्वसाधारण जागेवरून. त्याच वर्षी ३ ऑक्टोबरला रिपब्लिकन पक्षाची स्थापना झाली. १९६२ मध्ये उत्तर प्रदेशात बी. पी. मौर्य दलित-मुस्लिम एकजुटीच्या बळावर अलिगढहून लोकसभेत निवडून आले, तीही राखीव जागा नव्हती. म्हणजे आपले लोक स्वतःच्या झेंड्याखाली, खुल्या जागेवर, इतर समाजांशी युती करून जिंकू शकत होते. मग काय झाले? साठच्या दशकाच्या उत्तरार्धात गायकवाड गटाची काँग्रेसशी युती झाली. फाटाफूट १९५९ पासूनच सुरू होती, ती वाढत गेली. मौर्य १९७१ मध्ये काँग्रेसच्या तिकिटावर निवडून आले आणि पुढे मंत्री झाले.

कोठारींच्या चौकटीत याला 'सामावून घेणे' म्हणतात. व्यवस्था लवचीक आहे, म्हणून लोकशाही टिकली, असा त्याचा अर्थ लावला जातो. वस्तीतून पाहिले की याच गोष्टीला दुसरे नाव पडते: चळवळीचा माणूस गेला आणि वस्तीला काही मिळाले नाही. कांशीराम साहेबांनी पुणे कराराला पन्नास वर्षे झाली तेव्हा, २४ सप्टेंबर १९८२ रोजी, 'चमचा युग' हे पुस्तक काढले. संयुक्त मतदारसंघातून आपला प्रतिनिधी कसा तयार होत नाही आणि दुसऱ्यांच्या हातातला चमचा कसा तयार होतो, हे त्यांनी त्यात सांगितले. ज्या प्रक्रियेला राज्यशास्त्र 'सहमती' म्हणत होते, तिलाच कांशीराम 'चमचेगिरी' म्हणत होते. दोघेही एकाच देशातल्या निवडणुका पाहत होते. एक दिल्लीच्या राजपूर रोडवरून पाहत होता, दुसरा सायकलवरून.

जातीचे राजकारण की राजकारणातली जात?

१९७० मध्ये कोठारींनी भारतीय राजकारणातील जात या विषयावर एक ग्रंथ संपादित केला. त्याची प्रस्तावना आजही वाचण्यासारखी आहे. त्या काळचे सुशिक्षित लोक हळहळत होते की जातीमुळे राजकारण नासले. कोठारींनी हे उलटे केले. त्यांचे म्हणणे, राजकारणाला माणसे जमवावी लागतात आणि आपल्या समाजात माणसे जातीत संघटित आहेत, मग राजकारण जातीकडे जाणारच. तिथे गेल्यावर राजकारण जातीसारखे होते त्याहून जास्त, जातच राजकीय होते, बदलते. आधी एका वरचढ जातीविरुद्ध दुसरी चढती जात उभी राहते, मग जातींच्या आत गट पडतात आणि वेगवेगळ्या जातींचे गट एकत्र येतात, शेवटी जातीची जुनी पकड सैल होऊन नव्या ओळखी तयार होतात. गुजरातच्या क्षत्रिय सभेवरचा लेख त्यांनी ऋषिकेश मारू यांच्याबरोबर लिहिला. राजपूत, बारिया, कोळी अशा वेगवेगळ्या दर्जाच्या जाती मतांसाठी 'क्षत्रिय' या एका नावाखाली कशा आल्या, ते त्यात आहे.

याच ग्रंथात एलिनॉर झेलियट यांचा महाराष्ट्रातल्या महारांवरचा लेख आहे. एका समाजाने राजकीय साधने वापरायला कसे शिकून घेतले, याची ती कहाणी. म्हणजे बाबासाहेबांची चळवळ या शास्त्राच्या पहिल्या मोठ्या ग्रंथात हजर होती. दारातून आत आली होती, पण पूर्ण घराचा नकाशा तिच्यामुळे बदलला नाही.

का बदलला नाही? आमचे उत्तर असे. कोठारींनी जातीला संघटनेचे साधन म्हणून पाहिले. पाटीदारांची जात आणि महारांची जात ही त्या दृष्टीने दोन संघटना, दोन खेळाडू. बाबासाहेबांनी जातीला उतरंड म्हणून पाहिले होते, जिच्यात वरच्याच्या हातात खालच्याची भाकरी असते. दोन खेळाडू मैदानात आहेत असे म्हणण्याआधी मैदान कुणाच्या सातबाऱ्यावर आहे हे विचारावे लागते. मराठा मतदार मराठा उमेदवाराला मत देतो आणि मातंग शेतमजूर मालकाने सांगितलेल्या उमेदवाराला मत देतो, या दोन्ही गोष्टींना 'जातीचे मतदान' म्हणणे म्हणजे मालकी आणि मजुरी यांना एकच नाव देणे आहे.

शिवाय १९७० च्या या लेखनात आशा अशी की राजकारण जातीला हळूहळू सैल करील. आज पन्नास वर्षांनी आपण काय पाहतो? सरपंच राखीव जागेवरचा असतो आणि ग्रामपंचायतीचा कारभार दुसऱ्याच्या वाड्यावरून चालतो. वस्तीत काम करताना हे आम्ही वारंवार पाहतो. जात राजकारणात शिरल्याने बदलली, हे खरे. पण वरच्या जातींची एकजूट बदलली ती अधिक मजबूत व्हायला. खालच्या जाती मात्र एकमेकींपासून फोडल्या गेल्या.

वळण

इथपर्यंतच कोठारी असते तर आम्ही हा लेख लिहिला नसता. त्यांच्या आयुष्याचा दुसरा भाग वेगळा आहे.

१९७५ ची आणीबाणी आली. ज्या व्यवस्थेला त्यांनी सहमतीची म्हटले होते, तिने एका रात्रीत लोकांना तुरुंगात घातले. कोठारी आणीबाणीच्या विरोधात उभे राहिले. त्यानंतरचे त्यांचे लिखाण पक्षांच्या गणिताकडून राज्यसंस्थेच्या हिंसेकडे आणि पक्षाबाहेरच्या चळवळींकडे वळले. १९८० मध्ये 'लोकायन' सुरू झाले. जंगल, जमीन, विस्थापन, मजुरी यांवर काम करणारे लहान लहान गट आणि अभ्यासक यांना एकत्र बसवण्याचा तो प्रयत्न होता. पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज या नागरी हक्क संघटनेचेही ते अध्यक्ष झाले. १९८४ च्या दिल्लीतल्या शीख हत्याकांडानंतर दोन नागरी हक्क संघटनांनी मिळून दोषी कोण हे विचारणारा अहवाल काढला, त्यातली एक ही होती. सत्ताधारी पक्षाच्या लोकांकडे थेट बोट दाखवणारा तो अहवाल होता. चौकटी बांधणारा प्राध्यापक आता साक्षीपुरावे गोळा करणाऱ्यांच्या बाजूला उभा होता.

१९९० मध्ये मंडल आले. दिल्लीतले बहुतेक बुद्धिवंत तेव्हा 'गुणवत्ता' वाचवायला रस्त्यावर उतरलेल्या मुलांच्या बाजूने लिहीत होते. कोठारींनी मंडलची बाजू घेतली. मागासांची ही उसळी सेक्युलर आहे, लोकशाही वाढवणारी आहे, असे त्यांनी जाहीरपणे मांडले. वर्तमानपत्रांच्या पानापानांतून आरक्षणाला शिव्या पडत असताना हे लिहायला हिंमत लागत होती.

आणि १९९४ मध्ये 'इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली'त त्यांचा दलितांच्या उदयावरचा लेख आला. उत्तर प्रदेशात १९९३ साली सपा-बसपा सत्तेवर आले होते. पुढच्याच वर्षी, जून १९९५ मध्ये, मायावती मुख्यमंत्री झाल्या. या पार्श्वभूमीवर जातीवरची सारी चर्चाच दलितांच्या उदयामुळे नव्याने करावी लागेल, हे कोठारी सांगू लागले. जातीची ओळख घेऊन उठणारा दलित हा जातिवादी नसतो, जातिव्यवस्थेला आव्हान देणारा असतो, हा भेद आता त्यांच्या लिखाणात ठळक झाला. १९७० च्या प्रस्तावनेत सगळ्या जाती राजकारणाच्या पटावरच्या सोंगट्या होत्या. १९९४ मध्ये त्यांतली एक सोंगटी पटच नाकारते आहे, हे लेखकाला दिसले.

आम्ही याकडे असे पाहतो: दलितांनी मते देऊन, पक्ष काढून, सत्ता घेऊन दाखवली, तेव्हा शास्त्राला आपली भाषा बदलावी लागली. आधी चळवळ झाली आणि मग सिद्धांत सुधारला. हा क्रम आपल्या तरुणांनी लक्षात ठेवावा.

कोठारींनंतरचे आकडे

१९९६ च्या लोकसभा निवडणुकीपासून सीएसडीएसने देशव्यापी पाहणी पुन्हा नियमित सुरू केली. योगेंद्र यादव त्यात पुढे होते, पुण्यातून सुहास पळशीकर या कामात आले आणि महाराष्ट्राच्या निवडणुकांचे विश्लेषण त्यांनी मराठीतही लिहिले. या पाहण्यांतून एक मोठी गोष्ट समोर आली: भारतात गरीब, दलित, खेड्यातला मतदार मतदानाला मागे राहत नाही, उलट सुखवस्तू शहरी माणसापेक्षा जास्त उत्साहाने जातो. जगातल्या अनेक जुन्या लोकशाहींत गरीब माणूस मतदानाला कमी जातो. आपल्याकडे उलटे आहे. का? कारण ज्याच्याकडे जमीन, ओळखी, वशिला काहीच नाही, त्याच्याकडे समान किमतीची एकच वस्तू असते. ती बाबासाहेबांनी दिली.

म्हणून पाहणीचे शास्त्र आपल्या विरोधात आहे, असे समजू नका. ही गोष्ट त्या शास्त्रानेच सिद्ध केली. पण तक्ता वाचताना काही साध्या गोष्टी माहीत हव्यात.

एक. नमुना किती आणि त्यात आपले किती? महाराष्ट्रात अनुसूचित जातींची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेनुसार ११.८ टक्के. दोन हजार लोकांची पाहणी झाली तर त्यात आपले साधारण २३५ जण येतात. एवढ्या नमुन्यावर काढलेला टक्का सहा-साडेसहाने वर किंवा खाली असू शकतो. मग त्यातही बौद्ध किती, मातंग किती, चर्मकार किती? राज्याच्या अनुसूचित जातींच्या यादीत ५९ जाती आहेत. 'मातंग मते अमक्याकडे गेली' असे छातीठोक सांगणाऱ्याने किती मातंगांना विचारले, हे आधी विचारा.

दोन. विचारणारा कोण आणि कुठे विचारले? चांगल्या पाहणीत मतदार यादीतून नाव चिठ्ठीसारखे निघते, माणसाच्या घरी जाऊन विचारतात आणि मत कुणाला दिले हे खोट्या मतपत्रिकेवर खूण करून पेटीत टाकायला सांगतात, म्हणजे तोंडाने नाव घ्यावे लागत नाही. चौकात माइक धरून काढलेला कौल म्हणजे पाहणी नव्हे.

तीन. पाहणी सांगते मत कुणाला गेले. ते कोणत्या परिस्थितीत गेले, हे शोधायला वस्तीतच बसावे लागते. रोजगार कुणाच्या शेतावर, पाणी कुणाच्या विहिरीवरून, रेशन दुकान कुणाचे, मुलाचा जातीचा दाखला कुणाच्या सहीने अडला, हे प्रश्नावलीत येत नाही.

मत गुप्त आहे का?

इथे एक गोष्ट विशेष सांगायची आहे. कागदी मतपत्रिकेच्या काळात अनेक केंद्रांच्या मतपत्रिका मिसळून मोजता येत, म्हणजे कोणत्या वस्तीने कुणाला मत दिले हे कळत नसे. मतदान यंत्र आल्यावर प्रत्येक केंद्राचा आकडा वेगळा निघतो. 'फॉर्म २०' या तक्त्यात तो जाहीरही होतो. ज्या केंद्रावर फक्त बौद्धवाड्याची आणि शेजारच्या वस्तीची नावे आहेत, तिथे एका एका माणसाचे मत गुप्त असले तरी पूर्ण वस्तीचे मत उघडे पडते. निकालानंतर पाण्याचा टँकर कुठे वळतो आणि रस्त्याचे काम कुठे थांबते, हे मग वेगळे सांगावे लागत नाही.

यावर उपाय आहे. अनेक यंत्रांची मते एकत्र करून बेरीजच दाखवणारे 'टोटलायझर' नावाचे उपकरण निवडणूक आयोगाने २००८ मध्ये सुचवले. विधी आयोगाने २०१५ च्या अहवालात त्याला पाठिंबा दिला. केंद्र सरकारने ते मान्य केले नाही. का नाही, याचा अंदाज प्रत्येक कार्यकर्त्याला येईल. केंद्रनिहाय आकडा हा स्थानिक पुढाऱ्याचा चाबूक आहे, तो हातचा कोण सोडेल?

आपल्या संघटना स्मारकांसाठी, नामांतरासाठी, आरक्षणासाठी लढल्या आणि त्या लढायलाच हव्यात. पण मत मोजण्याच्या पद्धतीवर आपण एकही मोठे आंदोलन केलेले आम्हाला आठवत नाही. ज्यांनी १९५५ साली मतदारसंघाची रचना आणि मते एकवटण्याची सोय यावर लिहिले, त्यांच्या अनुयायांनी या विषयात गप्प राहावे हे पटत नाही.

दोन सदस्यांचे मतदारसंघ कसे गेले तेही पाहा. १९५७ मध्ये आंध्रातल्या पार्वतीपुरमला दोन्ही जागांवर आदिवासी उमेदवार जास्त मते घेऊन निवडून आले आणि व्ही. व्ही. गिरी पडले. राखीव वर्गातला उमेदवार सर्वसाधारण जागेवरही निवडून येऊ शकतो, असे १९५९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. १९६१ मध्ये कायदा करून ही द्विसदस्य पद्धतच बंद झाली. १९५२ मध्ये बाबासाहेब पडले तेव्हा कुणाला पद्धत बदलावीशी वाटली नव्हती. आज महाराष्ट्रात लोकसभेच्या ४८ पैकी ५ आणि विधानसभेच्या २८८ पैकी २९ जागा अनुसूचित जातींसाठी राखीव आहेत. या प्रत्येक जागेवर आपण अल्पसंख्य आहोत. कोणता दलित निवडून यावा हे तिथे दुसरेच ठरवतात. पुणे कराराचे गणित अजून तसेच आहे.

आपण काय करायचे

कोठारी गेले तेव्हा वर्तमानपत्रांनी त्यांना भारतीय राज्यशास्त्राचे शिल्पकार म्हटले. ते होतेच. आमच्या दृष्टीने त्यांचे मोठेपण दुसऱ्या गोष्टीत आहे: स्वतःच्या गाजलेल्या चौकटीला ते चिकटून बसले नाहीत. जमिनीवर जे घडले त्याने त्यांचे लिखाण हलले. असे फार थोड्या विद्वानांच्या बाबतीत घडते.

पण आपला प्रश्न दुसऱ्या कुणी अभ्यासावा आणि आपण फक्त त्याचे तक्ते पुढे पाठवावे, हे किती दिवस चालणार? फॉर्म २० मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांच्या संकेतस्थळावर असतो. आपल्या तालुक्याचा काढा. मतदार यादी घ्या. मागच्या तीन निवडणुकांचे आपल्या केंद्रांचे आकडे वहीत शेजारी शेजारी लिहा. यादीतून कुणाची नावे उडाली, ते घरोघर जाऊन तपासा. ऊसतोडीला किंवा वीटभट्टीवर गेलेल्यांची मते कुठे गेली, ते विचारा. आणि प्रत्येक आकड्याच्या शेजारी एक रिकामा रकाना ठेवा, ज्यात लिहायचे: या केंद्रावरचा माणूस मोकळेपणाने मत देऊ शकला का, नसेल तर कोण आडवे आले.

हा रकाना कोणत्याही वाहिनीच्या तक्त्यात नसतो. कोठारींच्या पहिल्या पुस्तकांतही तो नव्हता. १९१९ च्या साक्षीत आणि १९५५ च्या पुस्तकात तो आहे. तो भरायचे काम शिकलेल्या आंबेडकरी तरुणाचे आहे, आणि येत्या निवडणुकीची वाट न पाहता ते आजच सुरू करता येते.

जय भीम.